होकार विचारता, मग नकारही ऐका

आपल्याकडे निकाह हा करार आहे, हे आपण मोठ्या अभिमानाने सांगतो. परिसंवादात सांगतो, वर्तमानपत्रांना लिहिलेल्या पत्रांत सांगतो, बिगर-मुस्लिम मित्रांशी वाद निघाला तर जरा जास्तच जोराने सांगतो. करार म्हटला की दोन पक्ष आले, दोघांची रजामंदी आली, गवाह आले, महेर आला. चौदाशे वर्षांपूर्वी इस्लामने स्त्रीला या कराराचा स्वतंत्र पक्ष मानले, हे खरेच आहे. पण ज्या करारात एका पक्षाला ‘नाही’ म्हणण्याची सोयच ठेवलेली नाही, त्याला करार म्हणायचे कसे?

निकाहाच्या दिवशी वकील आणि दोन गवाह दुल्हनकडे जातात. अमुक यांचे फरजंद अमुक, महेर इतका, तुमची इजाजत आहे का, असे तीनदा विचारतात. निकाहाचा प्राण या प्रश्नात आहे. पण तो विचारण्याची घडी कोणती, ते पाहा. बाहेर वरात येऊन बसलेली असते. देगा उतरलेल्या असतात. कपाट, फ्रिज, भांडीकुंडी आदल्या दिवशीच टेम्पोतून सासरी गेलेली असतात. भोवती खाला, फूफी, मुमानी दाटून बसलेल्या असतात आणि कुणीतरी पाठीवर हात ठेवून ‘हां बोल बेटी’ म्हणून कुजबुजत असते. या घडीला कोणती मुलगी नकार देईल? तिचे उत्तर तर कित्येक महिने आधी मंगनीच्या बैठकीत चाचा आणि मामूंनी देऊन टाकलेले असते.

माझे म्हणणे सरळ आहे. सज्ञान मुलाने वा मुलीने आपला जोडीदार स्वतः निवडावा, घरच्यांना तो पसंत असो वा नसो, हा त्यांचा हक्क आहे. या देशाच्या कायद्याने तो दिला आहे आणि कायद्याच्या फार आधी दीनने दिला आहे. दोन्हींकडून मिळालेला हा हक्क आपण ‘बिरादरी’ आणि ‘इज्जत’ या दोन शब्दांखाली गाडून टाकला आहे. मी कोवळ्या पोरांच्या नादानीची वकिली करत नाही. कायद्याने मुलीला अठरा आणि मुलाला एकवीस वर्षांची अट घातली आहे, ती मला मान्य आहे. प्रश्न त्यापुढच्या माणसांचा आहे.

मी उर्दू माध्यमाच्या शाळेत शिकवते. आमच्या बारावीच्या मुली घरातले सारे कागद सांभाळतात. रेशनकार्डावर नाव चढवायचे, अब्बांचे आधार बँकेला जोडायचे, भावाच्या शिष्यवृत्तीचा फॉर्म भरायचा, दादीला दवाखान्यात दाखवायचे, ही सारी कामे त्यांच्याकडे. त्यांच्या अकलेवर घर चालते. त्या मतदान करतात, पुढे डी.एड., नर्सिंग करतात, पगार आणतात. मात्र रिश्त्याची गोष्ट निघाली की त्याच मुली एका रात्रीत ‘नासमझ’ ठरतात. ज्या मुलीच्या सहीने बँक पैसे देते, तिच्या सहीची घरात किंमत नाही. मुलांचेही फार वेगळे नाही. फूफीला दिलेल्या शब्दापायी मन मारून बोहल्यावर चढलेले तरुण आपण सगळ्यांनीच पाहिले आहेत. फरक इतकाच, की मुलगा चिडून घराबाहेर राहू शकतो आणि मुलीला मात्र कुंडी लावलेली खोली मिळते.

आता दीनचे पाहू. कारण या विषयावर तोंड उघडले की पहिला दगड ‘शरीअत’ या नावानेच येतो.

हजरत खन्सा बिन्त खिजाम (र.) या विधवा होत्या. वडिलांनी त्यांच्या मर्जीविरुद्ध त्यांचा निकाह लावून दिला. त्या थेट पैगंबरांकडे (स.) गेल्या आणि पैगंबरांनी (स.) तो निकाह रद्द केला. ही हदीस बुखारी शरीफमध्ये आहे. दुसरी एक मुलगी आली. आपल्या भावाच्या मुलाची पत वाढावी म्हणून तिच्या वडिलांनी तिला त्याला देऊन टाकले होते. पैगंबरांनी (स.) वडिलांना बोलावले आणि निर्णय मुलीच्या हाती दिला. तेव्हा ती म्हणाली, की वडिलांनी केले ते मी आता कबूल करते. मला फक्त बायकांना हे कळायला हवे होते, की या बाबतीत बापाची जबरदस्ती चालत नाही. ही रिवायत नसाई आणि इब्ने माजा यांच्या संग्रहांत आहे. काय धाडसाची मुलगी असेल ती! तिने स्वतःसाठी काहीच मागितले नाही. पुढच्या सगळ्या मुलींसाठी निकाल मागून घेतला. आपल्या मदरशांत आणि शाळांत ही हदीस मुलींना किती वेळा शिकवली जाते?

आणि भाऊ? इज्जतीचा ठेका तर भाऊच घेतात. हजरत माकिल बिन यसार (र.) यांच्या बहिणीला तिच्या नवऱ्याने तलाक दिला होता. इद्दत संपल्यावर तोच पुन्हा मागणी घालून आला. बहीण राजी होती, भाऊ संतापला. एकदा सोडलेस, आता पुन्हा देणार नाही, असे त्याने कसमेवर सांगितले. त्यावर सूरए बकराची २३२वी आयत उतरली: दोघे रीतीप्रमाणे आपसांत राजी असतील तर त्यांना अडवू नका. माकिल यांनी आयत ऐकली, राग गिळला आणि बहिणीचा निकाह लावून दिला. भावाचा संताप खरा होता, त्याला कारणही होते. तरी बहिणीच्या राजीखुशीपुढे तो मागे घ्यावा लागला. आमच्या भाईजानांनी ही आयत तिच्या कारणासकट वाचावी.

हजरत बरीरा (र.) यांचा किस्सा तर मी वर्गात नेहमी सांगते. त्या गुलामीतून मुक्त झाल्या तेव्हा गुलाम असलेल्या नवऱ्याबरोबर, मुगीस यांच्याबरोबर, राहायचे की नाही हे ठरवण्याचा हक्क त्यांना मिळाला. त्यांनी नकार दिला. मुगीस मदीनेच्या गल्ल्यांतून रडत त्यांच्यामागे फिरत. पैगंबरांना (स.) त्यांची दया आली, त्यांनी बरीरांकडे शब्द टाकला. बरीरांनी विचारले, हा हुकूम आहे का? उत्तर आले, नाही, फक्त शिफारस आहे. बरीरा म्हणाल्या, मग मला त्यांची गरज नाही. कालपर्यंत गुलाम असलेली एक बाई खुद्द अल्लाहच्या रसूलची (स.) शिफारस नाकारते आणि कुणी तिला बेअदब म्हणत नाही. आपल्याकडे चाचांनी आणलेला रिश्ता नाकारला तरी मुलीच्या अम्मीची तरबियत काढली जाते.

‘कुंवारीची खामोशी हाच होकार’ हे वाक्य मात्र सगळ्यांना पाठ असते. ही सवलत मुलीच्या शरमेसाठी आहे. भीतीने बसलेल्या दातखिळीला होकार समजण्याची मुभा तिने कुणाला दिलेली नाही. फिकहची ‘हिदाया’ उघडून पाहा. विचारणारा वली किंवा वलीचा निरोप्या नसेल तर मुलीने तोंडाने बोलल्याशिवाय होकार धरत नाहीत. आणि ती आवाज काढून रडली तर तो नकार मानतात. आपल्या मांडवात मुली रडतात, तेव्हा आपण काय मानतो?

मग हा हक्क गेला कुठे? तो आपण कफाअतच्या, म्हणजे ‘बरोबरीच्या’ नावाखाली हरवला. मौलाना अशरफ अली थानवी यांचे ‘बेहिश्ती जेवर’ आपल्याकडे कितीतरी घरांत रुखसतीच्या वेळी मुलीच्या सामानात ठेवतात. त्याच पुस्तकात स्पष्ट म्हटले आहे, की बालिग स्त्री स्वतःची मुखत्यार आहे, तिच्यावर जबरदस्ती करता येत नाही. आणि त्याच पुस्तकात पुढे बरोबरीचे प्रकरण आहे. तिथे सय्यद-शेख यांची पायरी वेगळी, मोगल-पठाणांची वेगळी. पेशाच्या बाबतीत तर विणकर शिंप्याच्या जोडीचा नाही, न्हावी-धोबीही नाहीत. एका पानाने उघडलेले दार दुसऱ्या पानाने लावून घेतले. मालेगाव-भिवंडीच्या मागांवर ज्यांच्या पिढ्या गेल्या, त्यांनी हे पान एकदा जरूर वाचावे. मुलीला देण्याआधी वाचावे.

इस्लामात जात नाही, असे आपण म्हणतो. नमाजच्या सफेत नाही, हे कबूल. पण रिश्ते जमवताना बागवान, तांबोळी, अत्तार, मुलाणी, पिंजारी, कुरेशी, शिकलगार, मणियार, फकीर ही सारी नावे परत येतात आणि वर सय्यद-पठाणांचा तोरा येतो. मुस्लिम ओबीसींच्या चळवळीने सवलतींसाठी या जातींची नावे सरकारदरबारी नोंदवून घेतली. ते योग्यच झाले, कारण मागासलेपण खरे आहे. पण ती यादी शिक्षणासाठी आणि नोकरीसाठी होती, मुलीसाठी कुंपण घालायला नव्हती. कुरैश घराण्यातल्या फातिमा बिन्त कैस (र.) यांचा निकाह गुलामीतून मुक्त झालेल्या जैद यांच्या मुलाशी, उसामांशी झाला आणि तोही पैगंबरांच्या (स.) सल्ल्याने. त्यांच्यापेक्षा आपले खानदान मोठे आहे काय?

कोकणातले वाचक म्हणतील, आम्ही शाफई. आमच्यात वलीशिवाय निकाह नाही. बरोबर आहे. पण शाफई फिकहमध्येही योग्य स्थळाला विनाकारण अडवणाऱ्या वलीचा अधिकार काजीकडे जातो, हेही सांगा. आणि आपल्या मुंबईतलीच एक जुनी गोष्ट सांगते. १८६२ मध्ये मुंबई हायकोर्ट सुरू झाले. दोनच वर्षांनी, १८६४ मध्ये, त्याच्यापुढे मुहम्मद इब्राहिम विरुद्ध गुलाम अहमद हा खटला आला. शाफई घराण्यातल्या मुलीने बापाच्या संमतीशिवाय हनफी रीतीने निकाह केला होता. कोर्टाने म्हटले, की वयात आलेली, समज असलेली मुलगी आपला मसलक स्वतः निवडू शकते आणि हनफी मताप्रमाणे केलेला तिचा निकाह वैध आहे. म्हणजे दीडशेहून अधिक वर्षांपूर्वी या मातीतली एक मुसलमान मुलगी आपल्या निवडीसाठी कोर्टापर्यंत गेली आणि तिची निवड टिकली. आज आम्ही तिच्या मागे चाललो आहोत की पुढे?

शेजारी पाकिस्तानात पाहा. साईमा वहीद या सज्ञान तरुणीने मर्जीने निकाह केला, वडील कोर्टात गेले. १९९७ मध्ये लाहोर हायकोर्टाने बहुमताने तो निकाह वैध ठरवला आणि २००३ मध्ये तिथल्या सुप्रीम कोर्टाने तेच कायम केले. मोरोक्कोत मालिकी मसलक चालतो आणि त्यात वली लागतो. तरी त्या देशाने २००४ च्या कौटुंबिक कायद्यात सज्ञान स्त्रीला आपला निकाह स्वतः करण्याची मोकळीक दिली. तेव्हा हे खूळ पश्चिमेकडून आले, ही ओरड आता पुरे.

आपल्या देशाचा कायदा तर आणखी स्वच्छ बोलतो. २००६ मध्ये लता सिंह खटल्यात सुप्रीम कोर्टाने सांगितले, की सज्ञान व्यक्ती आपल्या पसंतीने लग्न करू शकते. आईवडिलांना ते रुचले नाही तर त्यांनी फार तर संबंध तोडावेत, पण धमकावणे, मारणे, छळणे चालणार नाही. २७ मार्च २०१८ च्या शक्ती वाहिनी निकालात कोर्ट म्हणाले, की दोन सज्ञान व्यक्ती राजी असतील तर कुटुंबाची, जमातीची वा कुळाची संमती लागत नाही. अशा जोडप्यांसाठी जिल्ह्याजिल्ह्यांत विशेष कक्ष आणि सुरक्षित निवाऱ्याची व्यवस्था करावी, असेही त्या निकालात आहे. सज्ञान मुलीला खोलीत कोंडणे हा गुन्हा आहे. कोंडणारा बाप असला तरी गुन्हाच. आणि जमातीच्या बैठकीत घराला वाळीत टाकणाऱ्यांसाठी महाराष्ट्राने २०१६ चा सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा केला आहे. त्यात तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक लाखापर्यंत दंड आहे. तो फक्त दुसऱ्यांच्या जातपंचायतींसाठी केलेला नाही.

इथपर्यंत बरेच जण मान डोलावतील. खरी कसोटी पुढे आहे.

केरळमधली हादिया आठवते ना? चोवीस वर्षांची, होमिओपॅथीचे शिक्षण घेणारी मुलगी. तिने इस्लाम स्वीकारला, मर्जीने निकाह केला. मे २०१७ मध्ये केरळ हायकोर्टाने तो निकाह रद्द केला आणि तिला आईवडिलांच्या ताब्यात दिले. अशी मुलगी दुबळी असते, सहज कुणाच्या हाती सापडते, लग्नासारखा निर्णय आईवडिलांच्या सहभागानेच व्हायला हवा, असा त्या निकालाचा सूर होता. आपल्याला संताप आला. यायलाच हवा होता. ८ मार्च २०१८ रोजी सुप्रीम कोर्टाने तिचा निकाह परत दिला आणि पसंतीच्या व्यक्तीशी लग्न करणे हा घटनेच्या एकविसाव्या कलमाखालचा हक्क आहे, असे आपल्या निकालात लिहिले. आपण मिठाई वाटली. पण केरळ हायकोर्टाचे ते म्हणणे आणि आपल्या घरातल्या बैठकीत बोलले जाणारे वाक्य यांत फरक काय, ते मला कुणीतरी समजावून सांगा. ‘लडकी नासमझ है, बडे जो करेंगे सोच के करेंगे.’ दुसऱ्याच्या मुलीच्या वेळी ज्याला जुलूम म्हटले, त्यालाच आपल्या मुलीच्या वेळी तरबियत म्हणायचे?

उत्तर प्रदेशाने २०२० मध्ये धर्मांतराचा अध्यादेश काढला, महाराष्ट्र सरकारने डिसेंबर २०२२ मध्ये आंतरधर्मीय लग्नांवर लक्ष ठेवायला समिती नेमली. त्या वेळी आपण घटना हातात घेऊन बोललो. बरोबर बोललो. पण मे २०२२ मध्ये हैदराबादच्या भर रस्त्यात एका दलित तरुणाला त्याच्या मुसलमान बायकोच्या भावाने तिच्या डोळ्यांदेखत मारले, तेव्हा आपल्यातले किती जण तितक्याच आवाजात बोलले? २०२३ मध्ये ‘भगवा लव्ह ट्रॅप’ची हाकाटी झाली आणि गावोगावी आपलीच पोरे बुरख्यातल्या मुलींना रस्त्यात अडवून, त्यांचे नाव-गाव विचारून, व्हिडिओ फिरवू लागली. ‘लव्ह जिहाद’ म्हणून आपल्या पोरांना मारणारे आणि ही पोरे एकाच शाळेत शिकलेली आहेत. दोघांचा धडा एकच: मुलगी ही कौमची मिळकत.

इथे मला विचारले जाईल, मग मुसलमान मुलीने गैरमुस्लिमाशी लग्न करावे, असे तुझे म्हणणे आहे का? नाही. शरीअतचा त्याबाबतचा हुकूम सर्वांना ठाऊक आहे आणि जो तो मानतो, त्याने तो आपल्या मुलीला लहानपणापासून समजावून सांगावा. पण १९५४ चा विशेष विवाह कायदा या देशातल्या प्रत्येक सज्ञान नागरिकासाठी आहे आणि त्याखाली कुणी लग्न केलेच तर त्याचा हिशेब अल्लाह घेईल. भावाच्या हाती सुरी देणारी आयत कुठेही नाही. आणि खरे सांगायचे तर आपल्या घरांतले बहुसंख्य तंटे धर्माचे नसतातच. मुलगा मुसलमान असतो, कलमा तोच, मशीद तीच. फक्त तो पिंजारी असतो आणि आपण पठाण असतो, किंवा तो रिक्षा चालवतो आणि आपली मुलगी बी.एस्सी. असते, किंवा तो सुन्नी असतो पण ‘आपल्या’ मसलकचा नसतो. तिथे शरीअत आडवी येत नाही. तिथे आपण शरीअतला आडवे येतो.

‘सध्या वातावरण खराब आहे, हे विषय आता नकोत,’ असे सांगणारे बुजुर्ग भेटतात. वातावरण चांगले होते तेव्हा हे विषय कोणी काढले होते? हमीद दलवाईंनी काढले, त्यांचे काय केले आपण, ते सर्वांना ठाऊक आहे. बाहेर घर जळत असेल तर आतल्या मुलीला कोंडून ठेवण्याचे ते कारण होऊ शकत नाही. आईवडिलांचा सल्ला देण्याचा हक्क मी नाकारत नाही. मुलाची चौकशी करा, नोकरी पाहा, व्यसन पाहा, नापसंती तोंडावर सांगा, चार वेळा सांगा. सल्ला शिफारशीसारखा असावा, बरीरांना मिळाला तसा. शेवटचा शब्द जिला संसार करायचा आहे तिचा.

करण्यासारखे पुष्कळ आहे आणि ते अवघड नाही. इजाजतचा प्रश्न मंगनीच्या आधी विचारा, मुलीला एकटीला बसवून, तिचा जिच्यावर भरवसा आहे अशा बाईकडून. निकाहनाम्यावर तिने होकार स्वतःच्या अक्षरांत लिहावा. अंगठ्याचे दिवस आता गेले. काजीसाहेबांना दबावाचा संशय आला तर त्यांनी रजिस्टर मिटून उठून जावे. एका काजीने असे केले तर पुढच्या दहा बापांना शहाणपण येईल. इमामांनी जुमाच्या बयानात खन्सा आणि बरीरा यांची नावे घ्यावीत. जमातींनी अशा घरांचे हुक्कापाणी बंद करण्याचे उद्योग सोडावेत. आणि आम्ही शिक्षकांनी बारावीच्या वर्गात शेरोशायरीच्या जोडीला एक तास या कायद्याला द्यावा. अठरा वर्षे पूर्ण झाली म्हणजे नेमके काय काय मिळाले, हे मुलींना आमच्या तोंडून कळू द्या. नाहीतर ते त्यांना पोलीस ठाण्याच्या बाकावर बसून कळते आणि तोवर फार उशीर झालेला असतो.

मुलगी पळून गेली, असे आपण म्हणतो. ज्या घराचे दार आतून उघडते, त्या घरातून कुणी पळून जात नाही. ती सांगून जाते आणि ईदला परत येते.